वाचकांचे प्रश्न : हेडलाइटचा बल्ब घरच्या घरी

पावसाळा तोंडावर आला की हेडलाइटविषयीची पत्रं वाढतात. या खेपेची बरीचशी पत्रं ‘बल्ब बदलला, तरी...’ अशी सुरू होतात. म्हणून बल्ब बदलायचा कसा, यापेक्षा तो बदलल्यावर काय बिघडतं आणि का, यावर यंदा जास्त जागा खर्च केली आहे. पत्रलेखकांप्रमाणे आम्हीही ‘अप्पर’ आणि ‘डिप्पर’ हेच शब्द वापरतो. अप्पर म्हणजे लांबचा झोत, डिप्पर म्हणजे खालचा.

प्रश्न : माझ्या वॅगनआरचा डावीकडचा डिप्पर लागत नाही, अप्पर मात्र लागतो. गॅरेजमध्ये अख्खा दिवा बदलायला सांगत आहेत. फक्त बल्ब बदलून भागेल का? तो मला घरी बदलता येईल का? (सोलापूर)

अप्पर लागतो आहे, म्हणजे दिव्यापर्यंत करंट पोहोचतो आहे. या गाडीत एच४ जातीचा हॅलोजन बल्ब असतो. त्याच्या एकाच काचेत दोन फिलामेंट असतात, एक अप्परचं, एक डिप्परचं. डिप्पर जास्त वापरला जातो, म्हणून तेच फिलामेंट आधी तुटतं. दिव्याची काच आणि आतला आरसा शाबूत असेल तर अख्खा दिवा बदलण्याचं काही कारण नाही. ऑल्टो, जुनी स्विफ्ट यांतही हाच बल्ब असतो, त्यामुळे पुढची माहिती त्यांनाही लागू पडेल.

आधी बल्ब नेमका कोणता ते बघा. गाडीच्या पुस्तिकेत शेवटच्या पानांत बल्बांचा तक्ता असतो. पुस्तिका हरवली असेल तर जुन्या बल्बच्या धातूच्या बुडावर जात, व्होल्टेज आणि वॅट कोरलेले असतात. एच४ वर १२ व्होल्ट, ६०/५५ वॅट असं दिसेल. पहिला आकडा अप्परचा, दुसरा डिप्परचा. दुकानात पाकीट उघडून हेच आकडे पुन्हा वाचा. वर्तुळातलं इंग्रजी ‘ई’ आणि शेजारी एखादा अंक, ही युरोपीय मान्यतेची खूण असते. हल्लीच्या दिव्यांची पुढची ‘काच’ खरं तर पॉलिकार्बोनेटची, म्हणजे प्लास्टिकची असते. तिच्यासाठी अतिनील किरण अडवणाऱ्या क्वार्ट्झचा बल्ब लागतो आणि त्यावर ‘यू’ अक्षर असतं. या दोन खुणा नसलेला बल्ब कितीही स्वस्तात मिळाला तरी घेऊ नका.

सामान फारसं लागत नाही. नवा बल्ब, स्वच्छ हातमोजे किंवा धुतलेला सुती रुमाल, डोळ्यांवर चष्मा आणि एक छोटी टॉर्च. चष्मा हौसेखातर सांगितलेला नाही. हॅलोजन बल्बमध्ये वायू दाबाखाली भरलेला असतो आणि हातातून पडला तर तो फुटून तुकडे उडतात.

गाडी बंद करा, किल्ली काढा, दिव्याचा स्विच बंद आहे ना ते बघा. गाडी नुकतीच फिरून आली असेल तर १५ मिनिटं थांबा. बोनेट उघडून दिव्याच्या मागे हात घातला की आधी तीन पात्यांचा कपलर, म्हणजे वायरींचा प्लग, लागतो. तो वायरीला धरून ओढायचा नाही. कपलरच्या अंगाला दोन बोटांनी धरून सरळ मागे खेचायचा. अडकला तर किंचित वर-खाली हलवा, पण डावी-उजवीकडे पिरगाळू नका. खूपच घट्ट बसला असेल तर तो तापून प्लास्टिक चिकटलेलं असण्याची शक्यता आहे. त्याबद्दल पुढे तिसऱ्या उत्तरात.

कपलर निघाला की रबरी टोपी दिसते. तिला ओढायला कान असतात. एकाच कानाला धरून हिसका दिला तर टोपी फाटते, म्हणून कडेकडेने थोडी थोडी सोडवा. टोपीवर ‘टॉप’ असं लिहिलेलं असतं किंवा बाण असतो. ती बाजू वर असते हे लक्षात ठेवा, परत बसवताना उपयोगी पडेल.

आता तारेची क्लिप. पहिल्यांदा हात घालणाऱ्याचा वेळ इथेच जातो, कारण ती दिसत नाही, फक्त लागते. एका बाजूला बिजागरी असते आणि दुसऱ्या बाजूला तारेची दोन टोकं खाचेत अडकवलेली असतात. दोन्ही टोकं अंगठा आणि तर्जनीने आधी पुढे, म्हणजे दिव्याच्या दिशेने दाबा, मग एकमेकांकडे चिमटून खाचेतून सोडवा. क्लिप बिजागरीवर खाली झुलते. ती दिव्याला लटकून राहते आणि तशीच राहू द्यायची. ओढून काढलीत तर ती इंजिनाच्या फटीत पडेल आणि मग चुंबक बांधलेली काठी घेऊन शोधत बसावं लागेल. हाताला काही समजत नसेल तर मोबाइलचा कॅमेरा दिव्याच्या मागे नेऊन एक फोटो काढा, अंदाज येतो.

जुना बल्ब सरळ मागे निघतो. नवा बल्ब फक्त धातूच्या बुडाला धरायचा. काचेला बोट लावू नका, असं सगळेच सांगतात, पण का ते कोणी सांगत नाही. ही काच साधी नसून क्वार्ट्झची असते आणि चालू बल्बमध्ये ती कित्येकशे अंशांपर्यंत तापते. बोटाचा घाम आणि तेल तिथे भाजून बसतं. घामातल्या मिठामुळे त्या जागी क्वार्ट्झची घडण बदलते, काच दुधाळ होते आणि कमजोर पडते. मग तिथे फुगवटा येतो किंवा तडा जातो. चुकून बोट लागलंच तर घाबरू नका. औषधाच्या दुकानात मिळणारं आयसोप्रोपिल अल्कोहोल तंतू न सुटणाऱ्या कापडावर घेऊन काच पुसा, पूर्ण सुकू द्या आणि मगच बसवा.

बल्बच्या चकतीला तीन कान असतात आणि ते सारखे नसतात. रुंद कान वरच्या बाजूला येतो. तिन्ही कान दिव्याच्या खाचांत उतरले की चकती सपाट टेकते. क्लिप लावण्याआधी बल्ब बोटाने अलगद हलवून बघा. तो डुगडुगत असेल तर बसलेला नाही. मग क्लिप, मग रबरी टोपी ‘टॉप’ वर ठेवून. टोपीच्या मधल्या भोकाची कड बल्बच्या बुडाला सगळीकडून चिकटायला हवी. शेवटी कपलर, आत टेकेपर्यंत. बोनेट लावण्याआधी डिप्पर आणि अप्पर दोन्ही लावून समोरच्या भिंतीवर बघा.

शक्यतो दोन्ही बाजूंचे बल्ब एकदमच बदला. दोन्ही एकाच वयाचे असतात, एक गेला की दुसरा फार दिवस काढत नाही. शिवाय जुन्या आणि नव्या बल्बच्या उजेडात फरक दिसतो. उजवीकडचा चालू बल्ब टाकून देऊ नका. नव्याच्या डब्यात घालून डॅशबोर्डच्या कप्प्यात ठेवा.

प्रश्न : बल्ब मी स्वतः बदलला. लागतो छान, पण त्या बाजूचा उजेड रस्त्यावर न पडता झाडांच्या शेंड्यांवर पडतो. समोरून येणारे सारखे दिवे मारतात. अलाइनमेंट बिघडलं का? (नांदेड)

अलाइनमेंटच्या, म्हणजे झोताची दिशा ठरवणाऱ्या, स्क्रूला अजिबात हात लावू नका. बल्ब वाकडा बसला आहे.

एच४ मध्ये डिप्परच्या फिलामेंटखाली धातूची एक वाटी असते. खाली जाणारा उजेड ती अडवते, म्हणून आरशाच्या फक्त वरच्या अर्ध्यावर प्रकाश पडतो आणि तो परावर्तित होऊन रस्त्यावर येतो. बल्ब थोडा फिरला किंवा एक कान खाचेबाहेर राहिला, तर ही वाटी तिरकी होते आणि उजेड सैरावैरा जातो. तारेची क्लिप दणकट असते, वाकड्या बल्बलाही ती धरून ठेवते. म्हणूनच बल्ब बसल्यासारखा वाटतो. टोपी काढा, क्लिप सोडा, रुंद कान वर घेऊन पुन्हा बसवा. दहा मिनिटांचं काम आहे. त्यानंतरही झोत वर जात असेल तरच स्क्रूकडे वळा.

प्रश्न : दोन्ही बल्ब नवे टाकले, तरी उजेड पिवळट आणि मंद. आधीपेक्षा फरक शून्य. बॅटरी तर सहा महिन्यांपूर्वीची आहे. (इंदूर)

पहिली शंका वेंधळेपणाची आहे, पण ती आधी दूर करा. बल्ब काढून त्यावरचे आकडे वाचा. ट्रक-बसचा २४ व्होल्टचा एच४ बाहेरून अगदी कारच्या बल्बसारखा दिसतो आणि बसतोही. त्यावर ७५/७० वॅट असतं, म्हणजे वॅट जास्त बघून माणूस खुशीने घेतो. १२ व्होल्टवर तो जेमतेम दहाव्या हिश्शाइतका उजेड देतो, निखाऱ्यासारखा. दुसरा जुळा भाऊ मोटारसायकलचा, एचएस१, ३५/३५ वॅट. तोही दुकानदाराच्या एकाच खोक्यात असू शकतो.

आकडे बरोबर असतील तर व्होल्टेज मोजावं लागेल. हॅलोजनचा उजेड व्होल्टेजच्या प्रमाणात कमी होत नाही, त्याहून कितीतरी वेगाने घसरतो. १३ व्होल्टऐवजी १२ मिळाले तर सुमारे एक चतुर्थांश उजेड जातो. ११ मिळाले तर निम्म्याच्या आसपास जातो. म्हणजे वायरिंगमध्ये दोन व्होल्ट हरवले की नवा बल्बही जुनाट दिसतो.

मोजताना एक चूक हमखास होते. लोक कपलर काढून त्याच्या भोकांत मल्टीमीटरच्या काड्या घालतात, पूर्ण व्होल्टेज दिसतं आणि वायरिंग ठीक आहे असं ठरवून मोकळे होतात. बल्ब जोडलेला नसताना करंटच वाहत नाही, त्यामुळे गंजलेला जोडही पास होतो. कपलर बल्बवर लावलेला ठेवा, इंजिन चालू करा, डिप्पर लावा आणि कपलरच्या मागून, वायरी आत शिरतात तिथून, काड्या टेकवा. आधी बॅटरीच्या दोन टोकांवर मोजा, समजा १४ आले. मग बल्बपाशी. फरक अर्ध्या व्होल्टच्या आसपास असेल तर ठीक. दीड-दोन असेल तर चोर सापडला. एक इशारा, तीन तारांमधली समाईक तार दरवेळी अर्थिंगचीच असते असं नाही, काही गाड्यांत ती प्लसची असते. रंगावर विसंबू नका.

आता चोर कोणत्या बाजूला आहे ते बघायचं. एक काडी बॅटरीच्या मायनसवर आणि दुसरी बल्बच्या अर्थिंगच्या तारेवर, दिवा चालू ठेवून. इथे जवळपास शून्य यायला हवं. अर्धा-एक व्होल्ट दिसला तर अर्थिंगचा जोड खराब आहे. दिव्याजवळ बॉडीला बोल्टने आवळलेला तो जोड शोधा, बोल्ट काढा, पत्रा आणि वायरीची रिंग पॉलिश पेपरने चकचकीत घासा, आवळा, वर ग्रीसचा हात द्या. अर्थिंग साफच तुटलं असेल तर आणखी गंमत दिसते. डिप्पर लावल्यावर अप्परचं फिलामेंटही मंद पेटतं आणि डॅशबोर्डवरचा निळा दिवा मिणमिणतो. करंटला सरळ वाट मिळत नाही, म्हणून तो दुसऱ्या फिलामेंटमधून आडवाटेने परततो.

अर्थिंग ठीक निघालं तर प्लसची बाजू. बहुतेक वेळा दोषी असतो तो कपलर. काढून त्याच्या तोंडाकडे टॉर्च मारा. एखाद्या भोकाभोवती प्लास्टिक तपकिरी झालेलं, किंचित वितळून कडा गोल झालेल्या आणि आतली पितळी पट्टी काळपट-निळसर दिसली, तर त्या कपलरचं आयुष्य संपलं. पट्टी ढिली झाली की संपर्क कमी, संपर्क कमी की उष्णता, उष्णतेने पट्टीतली स्प्रिंग मरते आणि ती आणखी ढिली होते. पॉलिश पेपरने घासून हे चक्र थांबत नाही. वायरीसह मिळणारा सिरॅमिकचा एच४ होल्डर घ्या. जुना कपलर कापण्याआधी कुठली वायर कुठल्या पात्याला जाते त्याचा फोटो काढा. एका वेळी एकच वायर कापून जोडा, जोड पक्कडीने दाबून क्रिंप करा किंवा झाळा, वर आकसणारी नळी चढवा. नुसतं पीळ देऊन इन्सुलेशन टेप गुंडाळलेला जोड बोनेटखालच्या उष्णतेत फार टिकत नाही, टेपचा गोंद ओघळून जातो.

प्रश्न : दर तीन-चार महिन्यांनी उजवीकडचाच बल्ब उडतो. डावीकडचा दोन वर्षं चालू आहे. (जालना)

एकाच बाजूचा जातो हे तुम्ही लिहिलंत, त्यामुळे निम्मं काम झालं. डायनॅमो जादा चार्ज करत असता तर दोन्ही बाजूंचे गेले असते. तरी खात्री म्हणून इंजिन थोडं रेस करून बॅटरीवर मोजा. साधारण १३.८ ते १४.४ व्होल्ट यावेत. कायम १५ च्या पुढे जात असेल तर रेग्युलेटर दाखवा.

उडालेला बल्ब टाकू नका, तोच साक्षीदार आहे. उजेडात धरून बघा. काच स्वच्छ आणि फिलामेंट मधेच तुटलेलं असेल तर धक्के किंवा कंपन हे कारण. दिव्याचा माउंटिंगचा कान तुटला आहे का बघा. पुढून किरकोळ ठोकर बसलेल्या गाडीत हा कान तुटतो आणि बंपर नीट दिसत असल्याने कोणाच्या लक्षात येत नाही. दिवा हाताने हलवून पाहिलात तर कळेल. काचेच्या आत पांढरट किंवा पिवळसर भुकटी बसली असेल तर काचेला केसाएवढा तडा जाऊन आत हवा शिरली आहे. गरम काचेवर पाण्याचा थेंब पडला की असं होतं, तेव्हा रबरी टोपी आणि दिव्याच्या पुढच्या काचेची कड तपासा. काचेवर एका जागी दुधाळ डाग किंवा फुगवटा असेल तर बसवताना बोट लागलं होतं. काच आतून काळवंडली असेल तर तो म्हातारपणाचा मृत्यू आहे, त्यात कोणाचा दोष नाही. पण तीन-चार महिन्यांत काळवंडत असेल तर बल्बच बनावट असावा.

यांपैकी काहीच दिसलं नाही तर कपलर ढिला आहे का पाहा. थंड फिलामेंटचा रोध गरमच्या दहाव्या हिश्शाच्या आसपास असतो, म्हणून चालू होतानाच्या क्षणी करंटचा मोठा झटका बसतो. ढिल्या जोडामुळे बल्ब खड्ड्यागणिक बंद-चालू होत राहिला की असे झटके रोज शेकड्याने बसतात. आणि ‘दीडशे टक्के जास्त उजेड’वाले बल्ब वापरत असाल तर त्यांचं आयुष्य मुळातच कमी असतं. त्यांचं फिलामेंट जास्त तापवलेलं असतं, उजेडाची किंमत तिथून वसूल होते.

प्रश्न : घाटात रात्रीचं जाणं-येणं असतं. १००/९० वॅटचे बल्ब टाकावेत की एलईडी? (कोल्हापूर)

दोन्ही नकोत. पहिल्याचा हिशेब सोपा आहे. ५५ वॅटचा डिप्पर १२ व्होल्टवर सुमारे ४.६ अँपिअर ओढतो, ९० वॅटचा ७.५. वायरीतली उष्णता करंटच्या वर्गाने वाढते, म्हणजे त्याच वायरीत, त्याच स्विचमध्ये, त्याच कपलरमध्ये अडीच पटीहून जास्त उष्णता. कपलर वितळतो, स्टिअरिंगखालचा डिप्परचा स्विच करपतो, आरशावरचा चकचकीत थर जळून धुरकट होतो. धुरकट झाला की पुन्हा साधा बल्ब टाकूनही जुना उजेड येत नाही. रिले किट (थोड्या करंटवर मोठा करंट चालू-बंद करणारे स्विच आणि त्यांच्या वायरी) लावलं की सगळं ठीक, असं दुकानात सांगतील. रिलेने वायरिंग वाचतं, आरसा वाचत नाही, आणि समोरच्याच्या डोळ्यांचं तर काहीच वाचत नाही. केंद्रीय मोटार वाहन नियम १९८९ मधला नियम १०६ म्हणतो की दिव्यापासून ८ मीटर पुढे, गाडीच्या उजव्या कडेपासून अर्धा मीटर उजवीकडे आणि दीड मीटर उंचीवर डोळे असलेल्या माणसाला झोताने दिपवू नये. समोरून येणाऱ्या ड्रायव्हरची जागा जवळपास हीच.

मात्र तेच रिले किट ६०/५५ च्या बल्बांवर लावणं, हा जुन्या गाडीला आमच्या मते सगळ्यात चांगला उपाय आहे. अप्परला एक आणि डिप्परला एक असे दोन ३० अँपिअरचे रिले. बॅटरीच्या प्लसवरून वायर निघते, बॅटरीलगतच १५ अँपिअरचा फ्यूज, मग रिलेच्या ३० क्रमांकाच्या पात्यावर. ८७ वरून बल्बकडे. ८५ आणि ८६ ही कॉइलची टोकं, त्यांना जुन्या कपलरमधला करंट द्यायचा. वायर अडीच चौरस मिलिमीटरची घ्या. बल्बला पूर्ण व्होल्टेज मिळालं की तोच साधा बल्ब ओळखू येत नाही. फ्यूज मात्र बॅटरीलगतच हवा. तो रिलेजवळ लावला आणि मधली वायर कुठे घासली तर आग लागते.

एलईडीचं दुखणं वेगळं. हॅलोजनचा आरसा एका बारीक फिलामेंटची नेमकी जागा धरून घडवलेला असतो. एलईडी बल्बमध्ये उजेड दोन बाजूंच्या चिपमधून येतो, त्यामुळे झोत फाटतो. गाडीच्या पुढ्यात दहा-पंधरा मीटर लख्ख दिसतं, म्हणून ड्रायव्हर खूश असतो, पण लांबचं दिसत नाही आणि समोरचा आंधळा होतो. जर्मनीत २०२० पासून ठराविक गाड्यांसाठी ठराविक एलईडी बल्बना परवानगी मिळाली, तीही त्या दिव्यात तो बल्ब तपासून. ऑनलाइन मिळणाऱ्या ‘कुठल्याही गाडीला’ चालणाऱ्या बल्बचा त्याच्याशी संबंध नाही. निळसर लेप दिलेले ‘व्हाइट’ हॅलोजनही टाळा, लेप उजेडातलाच काही भाग खातो आणि आंबोलीच्या धुक्यात त्याचा काडीचा फायदा नाही. धुक्यात अप्पर लावू नका, उजेड थेंबांवर आपटून तुमच्याच डोळ्यांत येतो.

प्रश्न : बल्ब बदलल्यानंतर पहिल्याच मोठ्या पावसात दिव्याच्या आत पाणी साचलं. आधी कधी झालं नव्हतं. काचेच्या कडेने सिलिकॉन लावून बंद करू का? (चिपळूण)

सिलिकॉनची नळी बाजूला ठेवा. बल्ब बदलल्यावरच झालं, म्हणजे रबरी टोपी नीट बसलेली नाही किंवा फाटली आहे. टोपीच्या बाहेरच्या कडेवरून पूर्ण गोल बोट फिरवा, एखादी जागा दुमडून आत गेलेली सापडेल. कडक झालेली, भेगाळलेली टोपी बदलाच, ती सुटी मिळते.

दिव्याला मागच्या बाजूला हवा ये-जा करायला छोटी नळी किंवा जाळीदार भोक ठेवलेलं असतं. दिवा तापतो-निवतो तेव्हा आतली हवा तिथून बाहेर-आत होते. ती भोकं सिलिकॉनने बुजवली की आत शिरलेली ओल कायमची आत राहते. कोकणात सकाळी काचेच्या आतून हलकं धुकं धरतं आणि दिवा लावल्यावर थोड्या वेळात जातं, ते चालायचं. थेंब ओघळत असतील किंवा तळाशी पाणी हलताना दिसत असेल तर मात्र दुरुस्ती हवी.

वाळवण्यासाठी टोपी आणि बल्ब काढा, हेअर ड्रायर कमी तापमानावर ठेवून मागच्या भोकातून वारा द्या. खूप पाणी असेल तर दिवा उतरवून उलटा करून ठेवा. आतल्या आरशाला कापड, कापूस, बोट काहीही लावू नका. त्यावरचा ॲल्युमिनियमचा थर इतका पातळ असतो की एका पुसण्यात निघून येतो.

प्रश्न : झोताची उंची घरी तपासता येते का? (फोंडा, गोवा)

येते. सपाट जमीन आणि तिच्यासमोर सरळ भिंत हवी. चारही टायरमध्ये हवा बरोबर भरा, डिकीतलं जादा ओझं काढा, ड्रायव्हरच्या जागी कोणाला तरी बसवा. डॅशबोर्डवर झोत खाली-वर करायचं चाक असेल तर ते ० वर ठेवा.

गाडी भिंतीला जवळजवळ टेकवा आणि दोन्ही दिव्यांच्या मध्यबिंदूंच्या उंचीवर भिंतीवर आडवी चिकटपट्टी लावा. मग गाडी सरळ ५ मीटर मागे घ्या आणि डिप्पर लावा. आपल्याकडे गाड्या डावीकडून चालतात, म्हणून झोताची वरची कड उजवीकडे आडवी सपाट आणि डावीकडे, फुटपाथच्या बाजूला, वर चढत गेलेली दिसते. ही सपाट कड चिकटपट्टीच्या ५ सेंटीमीटर खाली हवी, म्हणजे दर मीटरला १ सेंटीमीटर उतार. दिव्यावर किंवा बोनेटखालच्या स्टिकरवर वेगळा टक्का छापला असेल तर तो धरा. १.२ टक्के असेल तर ६ सेंटीमीटर.

दिव्याच्या मागे दोन स्क्रू असतात, एक वर-खाली, एक डावी-उजवी. अर्धा-अर्धा फेरा फिरवून भिंतीकडे बघा. एका वेळी एक दिवा तपासताना दुसऱ्यावर कापड टाकू नका, चालू हॅलोजनच्या उष्णतेने प्लास्टिकची काच डागते. त्याचा कपलर काढून ठेवा.

थोडक्यात

*लातूर :* दोन्ही डिप्पर एकदम गेले तर आधी फ्यूज बघा, मग डिप्परचा रिले आणि स्विच. पण दोन्ही बल्बही तपासा. एक आधीच गेलेला असतो आणि दुसरा जाईपर्यंत कोणाचं लक्ष जात नाही. बल्ब काढून मल्टीमीटरवर फिलामेंट मोजा, चांगलं असेल तर १ ओहमच्या आत दाखवेल.

*बेळगाव :* बॅटरी आडवी येऊन हात जात नसेल तर ती उतरवा. काढताना मायनस आधी, लावताना मायनस शेवटी. त्यानंतर घड्याळ आणि खिडक्यांचं ‘ऑटो’ पुन्हा सेट करावं लागू शकतं.

*ठाणे :* एच११ जातीला तारेची क्लिप नसते. बल्ब घड्याळाच्या उलट दिशेने पाव फेरा फिरवला की निघतो. बुडाची रबरी रिंग जागेवर आहे ना एवढं बघा. कपलरचं कुलूप दाबूनच तो काढा, ते प्लास्टिक जुनं झालं की पटकन तुटतं.

*वडोदरा :* तुमच्या गाडीत झेनॉन, म्हणजे फिलामेंटऐवजी वायूतल्या ठिणगीवर पेटणारा दिवा आहे, तो घरी उघडू नका. पेटतानाच्या क्षणी त्यात २० हजार व्होल्टच्या वर दाब असतो. कंपनीचे एलईडी हेडलाइट असतील तर बहुतेक गाड्यांत आत बदलण्यासारखा बल्बच नसतो, दिवा किंवा त्याचं मॉड्यूल बदलावं लागतं. वॉरंटीची तारीख आधी बघा.